रुपीबायची अकरा माणसं

रुपीबाय मास्तरांच्या पडवीत येऊन उभी राहिली तेव्हा मी तिथंच पाटावर जेवायला बसलो होतो. घास हातातच राहिला.

वैशाखातली भर दुपार. बोरीचा पाडा आमच्या गावापासून चार कोस, मध्ये दोन टेकड्या, आणि सावली म्हणाल तर तारेच्या खांबाची. बाई सत्तरीच्या पुढची, अनवाणी, गुडघ्यावर नेसलेलं लुगडं, काखेत पळसाच्या पानांचा भारा. एवढं ऊन तुडवून आली, पण कपाळावर घामाचा टिपूस नाही. मास्तरांचं कुत्रं पोस्टमनला दर आठवड्याला धोतर सावरत पळायला लावायचं. ते शेपूट पोटाशी घेऊन विहिरीमागे गेलं.

आता हा इनास डाबरे काय चीज आहे ते आधीच सांगून टाकतो, म्हणजे मागाहून तक्रार नको. खाडीतल्या मगरीवर बसून मी बाजाराला गेलो होतो हे अर्ध्या तालुक्याला माहीत आहे. वादळात उडालेलं चर्चचं छप्पर माझ्या आज्यानं पतंगासारखं दोरीला धरून ठेवलं होतं, हे उरलेल्या अर्ध्याला. ही गोष्ट त्यातली नाही. तरी कुणाला थाप वाटली तर वाटू द्या. मला उलट बरं वाटेल.

"कोण बोलवतंय माझ्या माणसांना?" रुपीबायनं विचारलं.

बोलली ती वारलीत. वारली बोलीत कलेक्टरलाही 'तू'च. मी गवताच्या वखारीसाठी वीस वर्षं पाड्यापाड्यांतून गवत उचललं होतं, त्यामुळे मला ती बोली येत होती. मास्तरांना अर्धीमुर्धी.

"काय म्हणते?" मास्तरांनी मला विचारलं.

"म्हणते, पाणी पाहिजे."

मास्तरांच्या बायकोनं, मोनाबायनं, तांब्याभर पाणी आणून दिलं. रुपीबायनं ते घेतलं आणि न पिता जमिनीवर ठेवलं.

"ही तहान माझी नाही. कोण बोलवतंय, ते सांग."

"आता काय म्हणते?"

"म्हणते, ऊन फार आहे."

मास्तरांनी चष्मा नाकावरून खाली केला. "इनास, 'माणसं' मला कळतं. 'बोलवणं'पण कळतं. दोन महिने मी दुसरं काही ऐकलेलं नाही."

जोकीम रुमाव मास्तर शाळेत इतिहास शिकवायचे. निवृत्त झाल्यावर माणसं केळीची बाग करतात, यांनी दोन वेडं धरली. चर्चच्या कपाटात फिरंग्यांच्या अमलातल्या वह्या होत्या, बाप्तिस्म्यांच्या, लग्नांच्या, मयतांच्या, सगळ्या पोर्तुगीजमध्ये. वाळवीनं सोडलं होतं तेवढं मास्तर अक्षर अक्षर उतरवून घेत होते. दुसरं वेड डोंगरातल्या वारल्यांच्या गाण्यांचं. ते म्हणायचे, "खाली राहिले ते कागदात सापडतात, वर पळाले ते गाण्यात. दोन्ही जोडल्याशिवाय आपला मुलूख पुरा होत नाही." त्यांच्या भाच्यानं मस्कतहून एक टेपरेकॉर्डर आणला होता. तो मी उचलायचा, बटण मी दाबायचं, आणि बाई काय म्हणाली ते मीच सांगायचं. इतिहासाचं एवढं ओझं माझ्यासारख्याच्या खांद्यावर द्यायला माणूस भोळाच लागतो.

बोरीच्या पाड्यावर रीत अशी, की फाल्गुनात घराण्यातली सर्वांत जुनी बाई मेलेल्यांना नावानं हाक मारते. प्रत्येकासाठी पळसाच्या पानाचा एक डोणा, त्यात मूठभर भात. सगळे जेवले की तीच बाई एकेकाला नाव घेऊन परत पाठवते आणि त्याचा डोणा पालथा करते. हाकेचं गाणं वेगळं, पाठवणीचं वेगळं. रुपीबायच्या घराण्यात अशी अकरा नावं. तिच्यानंतर ती कोणाला येत नव्हती. सुना विटांच्या भट्टीवर गेलेल्या.

त्या फाल्गुनात मास्तर आणि मी मशीन घेऊन गेलो होतो. चुलीच्या धुरानं मास्तरांचा दमा उसळला, ते बाहेर मोहाखाली जाऊन बसले. आत मी एकटा. कॅसेटच्या एका बाजूला हाक भरली, उलटी करून दुसऱ्या बाजूला पाठवणी भरली. काम चोख केलं, देवाशपथ.

तीन दिवसांनी माझ्या भाचीचं लग्न आलं. आदल्या दिवशी उंबराचं पाणी आणायला बायका वाजतगाजत निघतात, ते भरून ठेवावं असं मनात आलं. मशीन मागून घेतलं, आत कॅसेट होतीच. मनात म्हटलं, हाक तर आहे, पाठवणीची ती भुणभुण कोण ऐकणार? आणि दुसऱ्या बाजूवर उंबराचं पाणी भरलं. मास्तरांना सांगितलं, बाईनं एवढंच म्हटलं, मागची बाजू रिकामी आहे.

त्या दिवसापासून मास्तर हाक ऐकत होते.

त्यांची कामाची पद्धत मला पाठ होती. दोन शब्द ऐकायचे, थांबवायचं, मागे न्यायचं, पुन्हा ऐकायचं, खात्री झाली की लिहायचं. त्यातून सातव्या नावाशी ते अडकले. सहा नावं डोंगरातली, आठव्यापासून पुढची डोंगरातली, आणि मध्येच हे: बेंडक्याचा पोर डुमिंग. मास्तर वेडे झाले. वारल्यात डुमिंग कुठून? तो तर आमचा डोमिंगोस. म्हणजे कोणीतरी एक माणूस चर्चच्या पाण्यानं ओला होऊन वर पळाला होता, आणि अडीचशे-तीनशे वर्षं त्याच्या लोकांनी त्याला जेवायला बोलावलं होतं. सकाळी चहाच्या आधी, दुपारी झोपेच्या ऐवजी, मास्तर ते नाव लावायचे. रुपीबायचा आवाज पडवीतून म्हणायचा, "बेंडक्याच्या पोरा डुमिंग, ये, भात निवतोय." टक. सर्रर्र. "बेंडक्याच्या पोरा डुमिंग, ये, भात निवतोय."

आणि मोनाबायचा भात पुरेनासा झाला.

तिनं मला एकदा मोरीजवळ गाठून विचारलं होतं. "इनासभाऊ, दोन माणसांना अर्धा शेर पुरून कुत्र्याला उरायचा. आता दीड शेर रांधते, तरी टोप खरवडते. उंदीर असेल का?"

"उंदीर कसला, मी आहे ना," मी म्हटलं.

"तुम्ही येत नाही त्या दिवशीचं बोलते," ती म्हणाली.

तेव्हा मी हसलो होतो. आता रुपीबाय समोर उभी होती, आणि माझ्या ताटाशेजारी भाताचा टोप होता. पाच मिनिटांपूर्वी मोनाबायनं त्यातून मला पहिली वाढणी दिली होती. मी आत बघितलं. बुडाला दोन शितं.

"गवतवाल्या," रुपीबाय माझ्याकडे वळली, "माझ्या दारातून ती रोज उठून जातात. मला दिसतात. पहिला म्हातारा काठी टेकत, मागून बाकीची. खालून कोणी हाक मारतं आणि ती उन्हातून इथं येतात. संध्याकाळी परत येतात, जेवली आहेत की नाही कळत नाही, आणि मला विचारतात, आता जायचं की थांबायचं? मी त्यांना पाठवलं होतं. तुझ्या डब्यात पण पाठवणी घातली होती. डबा हाक मारतो, पण पाठवत का नाही?"

"ती 'पाठवणी' म्हणाली," मास्तर हळूच म्हणाले. "इनास, पाठवणी भरली होती?"

मी मगरीवर बसलो होतो त्या दिवशी मला एवढा घाम आला नव्हता. मास्तरांनी कॅसेट काढली, उलटी घातली, बटण दाबलं.

लग्नातला घुमट ढोलकीसारखा वाजला. बायकांचा घोळका गात गात विहिरीकडे निघाला. कोणी शिट्टी मारली. मग माझाच आवाज, दारूनं सैल झालेला: "अगो ऐका, ती मगर मला म्हणाली, इनासभाऊ, भाडं किती घेणार?" आणि बायकांचं खदखदणं.

रुपीबायनं ते शेवटपर्यंत ऐकून घेतलं. तिला एक अक्षर कळलं नसेल, पण आवाज कोणाचा ते कळलं. मास्तरांनी मशीन बंद केलं. मला शिवी दिली असती तर मी वाचलो असतो.

"अकरा नावं," ते म्हणाले. "आणि मी रोज..." पुढे त्यांनी हिशेब केला नाही.

"तिला म्हणावं, पुन्हा म्हण," मी पुटपुटलो. "आता भरून घेऊ."

मास्तरांनी मान हलवली. "तूच विचार. आणि या खेपेला ती बोलेल तेच सांग."

मी विचारलं. रुपीबाय खाली बसली आणि पानांचा भारा सोडायला लागली. "मी बोलावलं होतं, मी पाठवलं. माझं संपलं. माझ्या तोंडानं आता ती जाणार नाहीत. ही डब्यानं बोलावलीत. डब्याला पाठवायचं तोंड होतं, ते ज्यानं बुजवलं त्यानं पाठवायचं."

मी हे जसंच्या तसं मास्तरांना सांगितलं. आयुष्यात मला कुठली गोष्ट सांगायला एवढी जड गेली नाही.

मोनाबाय दारात आली. "काय चाललंय? घरात प्रार्थनेला आल्तार आहे, समोर क्रूस आहे. असलं काही माझ्या पडवीत नको."

"ती काय म्हणते?" रुपीबायनं मला विचारलं. मी सांगितलं. रुपीबाय टाचणीसारख्या काड्यांनी पानं टोचत होती, तिनं मान वर केली नाही. "तिला विचार, तुझा भात पुरतो का?"

मी विचारलं. मोनाबाय आत गेली. आत स्टोव्ह पेटल्याचा आवाज आला. भात शिजला. तिनं तो परातीत ओतून बाहेर आणला आणि मास्तरांच्या मागे भिंतीला टेकून बसली. हातात जपमाळ होती.

अकरा डोणे ओळीनं मांडले. रुपीबायनं प्रत्येकात मूठभर भात घातला. मी बघत होतो, वाफ येत होती. मास्तरांना तिनं खूण केली, त्यांनी मशीनमधले सेल काढून खिशात टाकले.

"मी कानात सांगेन, तू मोठ्यानं म्हणायचं," ती मला म्हणाली. "बापाचं नाहीतर आईचं नाव, मग त्याचं नाव. आलास, जेवलास, आता जा. एवढंच. एक शब्द कमी नाही, एक जास्त नाही. कमी पडला तर तो उपाशी जातो."

"आणि जास्त पडला तर?"

"जास्त पडला तर जात नाही. पुढचं ऐकायला थांबतो."

"किती दिवस?"

ती उठली. माझ्या पाठीमागे आली. तिच्या श्वासाला ओल्या राखेचा वास होता.

पहिलं नाव मी असं म्हटलं, जसं कोर्टात साक्षीदार स्वतःचं सांगतो. "रानज्याच्या पोरा वाजल्या, आलास, जेवलास, आता जा." माझा आवाज फाटला, पण शब्द बरोबर पडले. रुपीबायनं हात पुढे करून पहिला डोणा पालथा केला.

एक दाणा पडला नाही.

पान सुकं, कोरं. मघाशी मी त्यातून वाफ येताना बघितली होती. मोनाबायच्या माळेचे मणी खडखडले. मला उठून पळावंसं वाटलं, पण पळायला पडवीच्या पायरीवरून जावं लागणार होतं, आणि पायरीवर ऊन असूनही ती थंड दिसत होती. थंड कशी दिसते विचारू नका. दिसत होती.

दुसरं नाव. तिसरं. चौथी एक बाई होती, लाखीची पोर सुकरी. तिचा डोणा पालथा झाला तेव्हा माझ्या कानाशी कोणी हुश्श केलं, आणि ती रुपीबाय नव्हती, कारण रुपीबाय त्या वेळी पाचवं नाव सांगत होती. पाचवं गेलं. सहावं गेलं. कोरी पानं ओळीनं पालथी.

आता माणसाच्या स्वभावाला काय म्हणावं ते मला अजून कळलेलं नाही. भीती होती, गळ्यापर्यंत होती. पण सहा नावं बिनचूक गेली होती, आवाजाला लय आली होती, आणि सातव्या नावाशी मास्तर पुढे झुकले. दोन महिने ज्याच्यामागे लागले होते तो माणूस आता जाणार होता. मोनाबायही डोळे न मिटता बघत होती. समोर दोन माणसं कान देऊन बसलेली. माझ्या जिभेला तेवढं पुरतं.

"बेंडक्याच्या पोरा डुमिंग," मी म्हटलं, आणि पुढचं माझ्या तोंडून कसं निघालं ते मी शपथेवर सांगू शकत नाही, "पाद्रीचं कानतुटकं खेचर पळवणाऱ्या, आलास, जेवलास, आता जा."

पुढे आलेला रुपीबायचा हात मध्येच थांबला.

सातव्या डोण्यातला भात तसाच होता. वाफ अजून येत होती. तिनं तो पालथा केला नाही. त्यावर तळहात झाकला, मग हात काढून घेतला.

"मी चुकलो," मी म्हटलं. "पुन्हा म्हणतो."

"दोनदा जा म्हटलेलं कोण ऐकतो?" ती म्हणाली. "पुढचं म्हण. बाकीच्यांना अडकवू नकोस."

उरलेली चार नावं मी कशी म्हटली ते आठवत नाही. बरोबर म्हटली असणार, कारण चारही पानं कोरी निघाली. अकरावा तिचा नवरा होता. त्याचा डोणा तिनं सावकाश पालथा केला आणि पानावर बोटं थोडा वेळ तशीच ठेवली.

मग तिनं दहा डोणे गोळा करून पदरात बांधले. मास्तरांसमोर हात पसरला. त्यांना सांगावं लागलं नाही. त्यांनी कॅसेट काढून तिच्या हातावर ठेवली. जगात दुसरी नव्हती. त्यांनी फक्त एवढंच विचारायला सांगितलं, की वहीत जे लिहून झालंय त्याचं काय?

"लिहिलेलं हाक मारत नाही," रुपीबाय म्हणाली. "ते ठेव."

सातवा डोणा तिनं उचलून माझ्यापुढे ठेवला.

"याचं मी काय करू?"

"मला काय विचारतोस? गोष्ट तू सुरू केलीस." ती पायरी उतरली. अंगणात गेल्यावर तिला पहिल्यांदा घाम फुटलेला मी बघितला. कुत्रं विहिरीमागून बाहेर आलं आणि तिच्या पायांचा वास घेऊन परत सावलीत पडलं.

त्या रात्रीचा भात मोनाबायला उरला. दुसऱ्या दिवशी तिनं माझ्या घरी ताट भरून पाठवला. माझी बायको कतरीन म्हणाली, बरं झालं, आज आपला कमीच पडला होता.

पंधरा दिवस मी मास्तरांकडे गेलो नाही. वखारीत बसायचो, आणि गिऱ्हाईक असो नसो, बोलत राहायचो. गप्प बसलो की मानेवर कोणी वाकून उभं असल्यासारखं वाटायचं, तोंडाकडे बघत. मग मास्तरांचा निरोप आला.

ते ओसरीवर टेबल लावून बसले होते. समोर चर्चची जुनी वही, बाजूला किटली. दोन पानं ओलीनं एकमेकांना चिकटलेली होती. चार दिवस वाफ देऊन देऊन त्यांनी ती त्या सकाळी सोडवली होती. मला समोरच्या खुर्चीत बसवलं आणि बोट ठेवून पोर्तुगीजमधून मराठी करत वाचून दाखवलं.

"डोमिंगोस, बेंडकोचा मुलगा, या चर्चमध्ये बाप्तिस्मा घेतलेला. पेरणीच्या दिवसांत डोंगरात पळाला. पाद्रीचं खेचर सोबत नेलं." ते थांबले. "खेचराचा डावा कान तुटलेला आहे, त्यावरून ओळखावं."

विहिरीचा रहाट कुठंतरी करकरत होता.

"हे तुला कोणी सांगितलं?" मास्तरांनी विचारलं.

"कोणी नाही, मास्तर. थाप मारली."

"थाप?"

"क्रुसावर हात ठेवून सांगतो. थाप होती."

चाळीस वर्षं लोक मला खरं बोल म्हणून शपथा घालत आले होते. आज मी खोटं बोललो होतो याची शपथ घेत होतो, आणि समोरचा माणूस विश्वास ठेवायला तयार नव्हता.

"हे पान तीनशे वर्षांत कोणी उघडलेलं नाही," ते म्हणाले. "तुला वाचता येत नाही, मला वाचायला मिळालं नव्हतं. आणि रुपीबायच्या गाण्यात खेचर नाही. म्हणजे ही गोष्ट तिसरीकडून आली. मला ती वेगळी लिहावी लागेल." त्यांनी आपली वही ओढली, पेनाचं टोपण काढलं. "ऐकलेल्या प्रत्येक गोष्टीखाली मी सांगणाऱ्याचं नाव घालतो. काय घालू?"

"माझं घालू नका."

"मग कोणाचं?"

माझ्या शेजारी एक खुर्ची रिकामी होती. मी तिकडे बघितलं नाही. मास्तरांनी बघितलं. बराच वेळ बघितलं, आणि मग खाली वाकून बेंडक्याच्या पोराचं नाव लिहायला लागले.